दिव्यापासून सुरू कर, यादी नंतर

अरे भाऊ, बुद्धिबळ कुठून बघायला सुरू करू म्हणतोस, तर एकदम दहा खेळाडूंची नावं अन् रेटिंग (खेळाची ताकद दाखवणारा आकडा) पाठ करत बसू नको, त्यातून काहीच हाती लागत नाही. एकच खेळाडू पकड. आपण नागपूरचे, मग दिव्या देशमुखच घे ना.

तिची २०२५ ची बाटुमीची (जॉर्जिया) स्पर्धा नीट बघ. महिला वर्ल्ड कप, फायनलला समोर कोनेरू हंपी, क्लासिकलचे (जास्त वेळाचे) दोन्ही डाव बरोबरीत अन् मग रॅपिड टायब्रेकमध्ये (बरोबरी फोडायच्या कमी वेळाच्या डावांत) जिंकली. एरवी ग्रँडमास्टर, म्हणजे सगळ्यात मोठा किताब, मिळवायला तीन नॉर्म (स्पर्धेतली ठरावीक दर्जाची कामगिरी) अन् २५०० रेटिंग लागतं, तिच्याकडे एकही नॉर्म नव्हता, तो किताब या विजयानं थेट मिळाला. मला तर अजूनही भारी वाटतं!

नवीन लोक हमखास चुकतात ते इथं:

- वर्ल्ड कप जिंकणं म्हणजे वर्ल्ड चॅम्पियन होणं नाही. गुकेशनं २०२४ मध्ये सिंगापूरला तेव्हाचा वर्ल्ड चॅम्पियन डिंग लिरेनला मॅचमध्ये हरवलं, ती वर्ल्ड चॅम्पियनशिप.
- एखादा डाव बघायला घेतला की लगेच इंजिन (चाली सुचवणारा कॉम्प्युटर प्रोग्राम) चालू करतात. नको ना! आधी पट मांड, मोहरे हातानं हलव, प्रत्येक चालीआधी थांबून स्वतः अंदाज कर, चुकला तरी चालेल.
- फक्त जिंकलेले डाव बघतात. हरलेलेही बघ, खरं तर तेच जास्त.

ओपनिंगची (डावाच्या सुरुवातीच्या चालींची) थिअरी सध्या राहू दे. दिव्याचे चार-पाच डाव झाले की आपलाच रौनक साधवानी घे, २०१९ मध्ये तेराव्या वर्षी ग्रँडमास्टर झालेला, अन् मग विश्वनाथन आनंद. अडलं की बिनधास्त विचार.