आईला विधी सांगता आले नाहीत, म्हणून आम्ही ठाकूर नाही?

प्रश्न : आम्ही ठाकूर, अनुसूचित जमात. मुलीच्या नर्सिंगच्या प्रवेशासाठी जात वैधतेचा अर्ज केला आहे. माझ्या आजोबांची शाळेतली १९३६ सालची नोंद 'ठाकूर' आहे. माझ्या सख्ख्या चुलत भावाला वैधता मिळालेली आहे. जात पडताळणी समितीचं दक्षता (चौकशी) पथक घरी आलं, माझ्या आईला कुलदैवत, लग्नाचे, मयताचे विधी विचारले. ती गांगरली. आता नोटीस आली : आप्तभाव, म्हणजे जमातीच्या रूढी-विधींशी नातं, जुळत नाही, मूळ गाव ठाकूर जमातीच्या पट्ट्यातलं नाही, आणि चुलत आजोबांच्या १९५३ च्या नोंदीत 'मराठा' आहे. एक एजंट ती नोंद 'दुरुस्त' करून देतो म्हणतो. काय करू?
— एक वाचक, जळगाव जिल्हा

उत्तर : दादा, आधी त्या एजंटाला नाही म्हणा, आजच. पथक शाळेत जाऊन मूळ रजिस्टर बघतं. एका अक्षराची शाई वेगळी दिसली की तुमची १९३६ ची खरी नोंदसुद्धा संशयात येते. शिवाय खोट्या दाखल्यासाठी जात प्रमाणपत्रांच्या २००० च्या कायद्यात कैदेची तरतूद आहे. खोट्या दाखल्यांनी खऱ्या आदिवासींच्या जागा गेल्या, म्हणून ही तपासणी आली. तिचा जाच मात्र तुमच्या आईसारख्यांना होतो, याचं मला फार वाईट वाटतं.

घर शहराकडे सरकलं की विधी बदलतात, कुलदैवताची जत्रा सुटते. २४ मार्च २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी, तेही ठाकूर जमातीच्याच संघटनेच्या प्रकरणात, स्पष्ट सांगितलं : आप्तभाव ही जमात ठरवण्याची अंतिम कसोटी नाही. सर्वांत जास्त वजन घटनापूर्व, म्हणजे १९५० च्या आधीच्या कागदांना. तेव्हा आईकडून आता विधी पाठ करून घेऊ नका. तिला जे ठाऊक आहे तेवढंच तिने सांगावं.

पट्ट्याचा आक्षेप जुना आहे. पूर्वी ठाकूर जमातीची सवलत नाशिक, नगर, पुणे, ठाणे, कुलाबा (आताचा रायगड) या जिल्ह्यांतल्या ठरावीक तालुक्यांपुरती होती. १९७६ च्या दुरुस्ती कायद्याने ते बंधन उठलं. नोटिशीच्या उत्तरात हे एका परिच्छेदात लिहा आणि पुढे चला.

खरा जोर लावायचा तो १९५३ च्या नोंदीवर. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर थांबू नका, मुख्याध्यापकांकडून जनरल रजिस्टरचा साक्षांकित उतारा काढा. त्यावरचं वडिलांचं नाव, जन्मतारीख, गाव तुमच्या वंशावळीशी ताडून बघा. एकाच गावात एकाच नावाची दोन माणसं असतात, आणि भलत्याचीच नोंद कुटुंबाच्या माथी आलेली मी पाहिली आहे. माणूस तुमचाच निघाला तर तसं सरळ मान्य करा, पण १९३६ ची नोंद तिच्या सतरा वर्षं आधीची, घटनापूर्व आहे, हे ठामपणे मांडा. सोबत तहसीलच्या अभिलेख कक्षात गाव नमुना १४ मागा. त्याला कोतवाल बुकही म्हणतात. त्यात जन्म-मृत्यूच्या नोंदीसमोर जात लिहिलेली असते. पणजोबांच्या किंवा त्यांच्या मुलाबाळांच्या नावाने काही सापडलं तर सोनंच. पान मोडीत असेल तर जाणकाराकडून लिप्यंतर करून घ्या आणि मूळ पानाची नक्कलही जोडा.

चुलत भावाचं प्रमाणपत्र हा तुमचा दुसरा भक्कम आधार. वडिलांकडच्या रक्ताच्या नातेवाइकाला रीतसर चौकशीनंतर वैधता मिळाली असेल, आणि त्यात फसवणूक नसेल, तर समितीला ती सहज बाजूला सारता येत नाही. मुंबई उच्च न्यायालयाने २०१० मध्येच हे सांगितलं. पण 'रीतसर चौकशी' हे शब्द लक्षात ठेवा : भावाच्या प्रकरणात पथकाची चौकशी झाली होती का, ते विचारा आणि समितीच्या आदेशाची प्रत मिळवा. नुसतं प्रमाणपत्र झेरॉक्स करून जोडणारे इथेच अडकतात. दोघांचे आजोबा एकच, हे वंशावळीच्या शपथपत्रातून दिसलं पाहिजे.

दक्षता अहवालाची प्रत नोटिशीबरोबर आली नसेल तर लेखी मागा, तो तुमचा हक्क आहे. उत्तराची मुदत चुकवू नका. निकाल विरुद्ध गेला तर जिल्हाधिकारी किंवा मंत्रालयाकडे अपील नसतं. घटनेच्या कलम २२६ खाली थेट उच्च न्यायालय, तुमच्यासाठी छत्रपती संभाजीनगरचं खंडपीठ. तिथे मुख्यतः समितीपुढे आलेलेच कागद बघितले जातात, म्हणून वरचं सगळं आत्ताच समितीकडे द्या आणि प्रत्येक कागदाची पोच घ्या.