मालिकांची शीर्षकगीतं करणाऱ्या अशोक पत्कींना मोठे संगीतकार का मानतात?

तुमचा प्रश्न असा आहे की, पत्कींचं बरंचसं काम जिंगल्स (जाहिरातींतली छोटी गाणी) आणि मालिकांच्या शीर्षकगीतांचं, मग त्यांना श्रीनिवास खळे, सुधीर फडके अशा संगीतकारांच्या पंगतीला का बसवायचं? मी हौशी कार्यक्रमांत पेटी वाजवतो. त्यांची गाणी हाताखालून गेलेली आहेत, म्हणून ठामपणे सांगतो: बसवायलाच हवं, आणि ते या छोट्या कामांमुळेसुद्धा.

आधी भावगीतं. ‘नाविका रे वारा वाहे रे’ आणि ‘केतकीच्या बनी तिथे’ ही दोन्ही गाणी अशोकजी परांजपे यांची, गायिका सुमन कल्याणपूर, चाल पत्कींची. ‘नाविका रे’ साथीला घेऊन बघा. ओळ संपताना येणाऱ्या प्रत्येक ‘रे’वर आवाजाला रेंगाळायला जागा ठेवलीय. तिथे पेटीवाल्याने मध्ये मध्ये भरणा केला की गाणं बिघडतं, नुसता सूर धरून थांबायचं. जयदेव यांच्यासारख्या संगीतकाराकडे सहायक म्हणून काढलेली वर्षं अशा ठिकाणी दिसतात.

जिंगल हा तर फारच कठीण प्रकार. अर्ध्या मिनिटात चाल सुरू होऊन संपते, आणि मालाचं नाव ऐकणाऱ्याच्या तोंडी बसावं लागतं. ‘धारा धारा शुद्ध धारा’ आठवा. ‘धा’ मुळातच दीर्घ, सूर नेमका तिथेच टेकतो, म्हणून तेलाचं नाव वेगळं पाठ करावं लागत नाही. अशा हजारो जिंगल्स त्यांनी केल्या, पण जाहिरातीखाली संगीतकाराचं नाव येत नाही. लोकांनी रोज ऐकलं, गुणगुणलं आणि कोणाचं ते कळलंच नाही. त्यांना कमी लेखलं जाण्याचं खरं कारण मला हेच वाटतं.

आता शीर्षकगीत. सिनेमातलं गाणं आपण आवडलं तर लावतो. मालिकेचं गाणं आठवड्यातून पाच दिवस, वर्षानुवर्षं, न विचारता घरात येतं. पहिल्या सुरांत स्वयंपाकघरातल्या माणसाला बाहेर बोलवायचं आणि तरी शंभराव्या दिवशी कंटाळा येऊ द्यायचा नाही! अल्फा मराठीच्या (आताची झी मराठी वाहिनी) सुरुवातीच्या काळातली ‘आभाळमाया’ घ्या. मंगेश कुळकर्णींचे शब्द, देवकी पंडितांचा आवाज. मालिका संपून किती काळ लोटला, कथानक पुसट झालं, पण गाणं अजून मैफलीत फर्माईश म्हणून येतं. त्याआधी दूरदर्शनवर ‘गोट्या’चं ‘बीज अंकुरे अंकुरे’ होतं. ते पोरांना सहज म्हणता येतं आणि मोठ्यांनाही बाळबोध वाटत नाही. हा तोल साधणारी माणसं थोडी.

‘मिले सुर मेरा तुम्हारा’ बहुतेकांना भीमसेनजींच्या आवाजामुळे आठवतं, आणि ते योग्यच आहे. पण १९८८ सालच्या त्या गाण्याच्या संगीतात पत्कींचा मोठा वाटा आहे. भैरवीतली एकच ओळ भाषेमागून भाषेत जाते आणि प्रत्येक भाषेला ती आपलीच वाटते, हे चालीचं श्रेय.

त्यांना सर्वोत्कृष्ट संगीत दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तोही मराठी चित्रपटासाठी नाही, तर ‘अंतर्नाद’ या कोंकणी चित्रपटासाठी, २००६ सालचा. गोव्यात छोट्या बाजारपेठेसाठी झालेला चित्रपट, आणि संगीत देशात पहिलं. आपल्याकडे मात्र त्याची चर्चा फारच थोडी झाली, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

तुम्हाला स्वतः ठरवायचं असेल तर एका बैठकीत ‘केतकीच्या बनी’, मग ‘बीज अंकुरे’, मग ‘आभाळमाया’ आणि शेवटी ‘राधा ही बावरी’ ऐका. या शेवटच्या गाण्याचे शब्दही त्यांचेच आहेत. शक्यतो हेडफोन लावून ऐका आणि गायकाकडे नाही, दोन ओळींच्या मधल्या जागांकडे कान द्या.