वडील जाऊन दहा वर्षं झाली, आता अनुकंपा नियुक्ती मागता येईल का?

प्रश्नात तुम्ही लिहिलंय की वडील इंदूरला राज्य सरकारच्या नोकरीत असताना २०१५ च्या डिसेंबरात वारले, तुम्ही तेव्हा बारा वर्षांचे होतात. कार्यालयातल्या मंडळींनी आईला सांगितलं, "मुलगा मोठा होऊ द्या वहिनी, जागा कुठे पळत नाही." आता बी.कॉम. झालंय आणि अनुकंपा नियुक्तीसाठी, म्हणजे वडील नोकरीत असताना गेले म्हणून घरच्याला मिळणाऱ्या नोकरीसाठी, अर्ज करायचाय.

मी इथेच एका विभागाच्या स्थापना शाखेत (कर्मचाऱ्यांच्या नेमणुका-सेवेचं काम पाहणाऱ्या) नोकरी काढलीय, म्हणून स्पष्ट सांगतो. जागा पळते. वारस सज्ञान होईपर्यंत जागा राखून ठेवता येत नाही, हे सुप्रीम कोर्टाने २००० मध्ये बिहारच्या एका प्रकरणात सांगून टाकलंय. मुळात कोर्टं १९९४ च्या उमेशकुमार नागपाल निकालापासून एकच धरून आहेत: ही नोकरी वारसाहक्क नव्हे, कमावता माणूस अचानक गेल्यावर घर सावरायला दिलेला हात आहे. दहा वर्षं घर चाललं, म्हणजे ती वेळ निभावली, असं सरकारी वकील उभं राहून म्हणणारच. ऐकायला क्रूर वाटतं, पण निकाल त्याच बाजूचे आहेत.

तुमच्यासारखंच हरियाणाचं एक प्रकरण नोव्हेंबर २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टात निकाली निघालं. वडील पोलिसात, १९९७ मध्ये गेले, मुलगा सात वर्षांचा. त्याचं नाव तर अज्ञान (अल्पवयीन) वारसांच्या रजिस्टरमध्ये चढवलेलं होतं! तरी सज्ञान झाल्यावर केलेला अर्ज फेटाळला गेला तो शेवटपर्यंत. आईला मात्र एकरकमी मदतीसाठी अर्ज करायची मुभा कोर्टाने दिली.

तुम्हाला लागू होईल ते वडील गेले त्या दिवशीचं धोरण, म्हणजे मध्य प्रदेश शासनाचं २९ सप्टेंबर २०१४ चं परिपत्रक. नंतरच्या सवलती आधीच्या मृत्यूंना लागू होत नाहीत, हे सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये मध्य प्रदेशच्याच प्रकरणात ठरवलंय. त्या परिपत्रकात मृत्यूपासून सात वर्षांची मुदत आहे, ती २०२२ लाच सरली. मुलं अज्ञान असल्यास काय, तेही त्यातच शब्दन् शब्द वाचा. (तुम्ही उल्लेख केलेल्या बडोद्याच्या मावसभावाला पैसे मिळाले त्याचं कारण वेगळं: गुजरातने २०११ पासून नोकरीऐवजी रक्कमच देणं सुरू केलंय.)

आता खरा प्रश्न. आईने तेव्हा काही लिहून दिलं होतं का? साध्या कागदावर, "मुलाचा विचार व्हावा" एवढंच का असेना. घरातली ट्रंक उपसा. आवक शाखेचा गोल शिक्का, त्यात पेनाने घातलेला नंबर आणि तारीख, असा एक कागद सापडला तर तुमची केस बदलते. उशीर तुमचा की कार्यालयाचा, हा वाद तरी मांडता येतो. घरी नसेल तर माहिती अधिकारात वडिलांच्या नस्तीच्या (फाइलच्या) प्रती नोटशीटसकट, म्हणजे अधिकाऱ्यांचे शेरे असलेल्या पानांसकट, मागा. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. तोंडी आश्वासनाला नोटशीटवर जागा नसते, आणि ते देणारे साहेब बहुधा रिटायरही झाले असतील.

कागद सापडला तरी पुन्हा बसून राहू नका. पश्चिम बंगालच्या नगरपालिका कर्मचाऱ्यांच्या वारसांनी अर्ज दिले होते, पण कोर्टात जायला वर्षानुवर्षं लावली; २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने नाही म्हटलं. तेव्हा प्रती हातात आल्या की हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठात सेवाविषयक प्रकरणं चालवणारा वकील गाठा.

काहीच सापडलं नाही, तर "फाइल चालवून देतो" म्हणणाऱ्याला एक रुपया देऊ नका. अशी माणसं कलेक्टर कार्यालयाबाहेरच्या चहाच्या टपरीवर हमखास भेटतात. आईचं कुटुंब निवृत्तिवेतन आणि ग्रॅच्युइटी पूर्ण मिळाली का तेवढं तपासा, आणि कर्मचारी चयन मंडळाचे (राज्याच्या नोकरभरतीच्या परीक्षा घेणाऱ्या) फॉर्म या वर्षीपासूनच भरत चला.