मुलीच्या नावाचे वेगळे स्पेलिंग : बदलावे की राहू द्यावे?

‘नावाचे स्पेलिंग हौसेने जरा वेगळे ठेवले होते, आता मुलगी त्यावरून चिडते, बदलून टाकावे का?’ हा प्रश्न गेल्या काही वर्षांत माझ्याकडे समुपदेशनासाठी येणाऱ्या पालकांकडून वारंवार ऐकू येतो. कियारा, मायरा, शनाया ही नावे शाळांच्या पटावर वाढली, त्याच सुमारास जुन्या, ओळखीच्या नावांनाही रोमन लिपीत नवी वळणे मिळू लागली : शेवटी एक ‘ए’ जास्तीचा, ‘डबल ई’च्या जागी ‘आय-ई’, कुठे कारण नसताना एखादा ‘एच’. देवनागरीत यातले काहीच दिसत नाही, त्यामुळे आजी-आजोबांना पत्ताही नसतो. फरक पडतो तो इंग्रजी माध्यमाच्या हजेरीत, आधार कार्डावर आणि पुढे पासपोर्टवर. या प्रश्नाला ‘हो’ किंवा ‘नाही’ असे एका शब्दाचे उत्तर मी देत नाही, आणि का देत नाही हे एका कुटुंबाच्या अनुभवावरून सांगते. ओळख पटू नये म्हणून नाव आणि तपशील बदलले आहेत. मात्र या बदललेल्या नावाच्या अक्षरांचा अंकशास्त्रातला हिशेब मी करून पाहिला आहे आणि तो खाली दिल्याप्रमाणेच येतो.

मुलीला आपण मीरा म्हणू. चौथीत शिकणारी, नऊ वर्षांची, बोलकी मुलगी. घरी सगळे तिला मीराच म्हणत. परंतु जन्मदाखल्यावर आणि शाळेच्या नोंदीत तिचे नाव ‘एम-आय-ई-आर-ए-ए’ असे होते. नवीन शिक्षिका ते ‘मिएरा’ वाचत, बदली शिक्षिका ‘मायरा’, आणि वर्गातल्या हिंदी बोलणाऱ्या मुलांनी त्याचे सरळ ‘मेरा’ केले होते. ‘मेरा? किसका?’ हा विनोद मधल्या सुट्टीत रोज व्हायचा. तिने वह्यांवर नाव घालणे बंद केले, स्पर्धेच्या प्रमाणपत्रावरचे नाव पेनाने खोडले, आणि एके दिवशी शाळेत जाणार नाही म्हणून पोट दुखण्याचे निमित्त केले. त्याच आठवड्यात शाळेने कळवले होते की आधारवरील नाव आणि शाळेच्या नोंदीतील नाव जुळत नसल्यामुळे तिचा ‘अपार’ हा विद्यार्थ्यांचा ओळख क्रमांक तयार होत नाही. आधार तिच्या तान्हेपणी काढलेले होते आणि केंद्रावर सांगितलेल्या ‘मीरा’ या नावाचे तिथे नेहमीचे, ‘डबल ई’चे स्पेलिंग टाकले गेले होते. वडिलांनी दोन्ही गोष्टी एकत्र जोडल्या आणि राजपत्रात नावबदल करून विषय कायमचा मिटवायचा, असे ठरवून ते माझ्याकडे आले. आईचा त्याला ठाम विरोध होता, आणि पहिल्या भेटीत ती त्याचे कारण सांगायलाही तयार नव्हती.

अशा वेळी मी आधी मुलाशी एकटीने बोलते. मुलांना नाव आवडत नाही, असे पालक सांगतात. पण नावाचा उच्चार, त्याचे लिखाण आणि त्यावरून होणारी चिडवाचिडवी या तीन वेगळ्या गोष्टी असतात आणि त्यांतली कोणती टोचते आहे हे विचारल्याशिवाय कळत नाही. मीराला उच्चार मनापासून आवडत होता. आजी तिला ‘मिरू’ म्हणते हेही तिने खुशीत सांगितले. चिडवण्याचा राग होता, परंतु तो मला अपेक्षेपेक्षा कमी वाटला. ज्या मुलाने ‘मेरा’ सुरू केले त्याच्याशी तिची मैत्री टिकून होती. खरी गोष्ट निघाली ती कागदावर दोन नावे लिहायला सांगितल्यावर. तिने आपले नाव लिहिले आणि खाली धाकट्या भावाचे, नीलचे. नील त्या वेळी जेमतेम वर्षाचा होता आणि त्याचा जन्मदाखला नुकताच घरी आला होता. दोन्ही नावांवर बोट ठेवून ती म्हणाली, “नीलच्या नावात डबल ई चालतो. मग माझ्या नावात का नाही चालला?”

मी तिला विचारले, “तुला काय वाटतं, का नसेल चालला?”

“मी आजारी होते ना लहानपणी. म्हणून माझं नाव दुरुस्त केलं. नील चांगला आहे, म्हणून त्याचं केलं नाही.”

नऊ वर्षांच्या मुलीने मोठ्यांच्या अर्धवट ऐकलेल्या बोलण्यातून हा अर्थ लावला होता आणि तो तिच्या दृष्टीने अगदी तर्कशुद्ध होता. स्पेलिंग वाकडे आहे एवढ्यावर मूल सहसा खचत नाही. माझ्यातच काही कमी होते म्हणून ते वाकडे केले, असे वाटले की खचते. राजपत्रातल्या नावबदलाने हा समज गेला नसता, उलट पक्का झाला असता, कारण मोठ्यांनी तिचे नाव आणखी एकदा ‘दुरुस्त’ केले, असेच तिला दिसले असते. वडिलांना हे पटायला वेळ लागला. त्यांचा हेतू चांगला होता, पण अडचण दिसली की अर्ज भरायचा, अशी त्यांची पद्धत होती आणि भावना अर्जात बसत नाहीत याचा त्यांना त्रास होत होता.

आईचे कारण दुसऱ्या भेटीत कळले. मीरा सातव्या महिन्यात जन्मली आणि बरेच दिवस काचेच्या पेटीत होती. बाराव्या दिवशी बारसे झालेच नाही. ती घरी आल्यावर, पुष्कळ उशिरा, आत्याने पाळण्याजवळ वाकून तिच्या कानात ‘मीरा’ हे नाव सांगितले. जन्माची नोंद रुग्णालयाकडून नावाशिवाय झाली होती. बाळाचे नाव नंतर घालण्याची सोय 1969 च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या कलम 14 मध्ये आहे आणि नोंदणीपासून 12 महिन्यांच्या आत ते विनाशुल्क घालता येते. त्या मधल्या काळात एका नातेवाइकाने आईला अंकशास्त्र पाहणाऱ्याकडे, म्हणजे नावाच्या प्रत्येक रोमन अक्षराला अंक देऊन त्यांच्या बेरजेवरून शुभाशुभ सांगणाऱ्याकडे नेले. त्याने ‘एम-डबल ई-आर-ए’ची बेरीज मांडली : चार, पाच, पाच, दोन, एक, म्हणजे 17, आणि एक अधिक सात म्हणजे आठ. आठ हा शनीचा अंक, अशक्त बाळाला नको. मग ‘एम-आय-ई-आर-ए-ए’ : चार, एक, पाच, दोन, एक, एक, म्हणजे 14, म्हणजे पाच, बुधाचा अंक. तेच दाखल्यावर गेले. “मॅडम, त्या दिवसांत कोणी काहीही सांगितलं असतं ना, तरी मी केलं असतं,” असे त्या म्हणाल्या.

या ठिकाणी माझे मत स्पष्ट सांगते. अंकशास्त्रावर माझा विश्वास नाही. परंतु समुपदेशनाच्या खोलीत एखाद्या आईची श्रद्धा खोडून काढणे हे माझे काम आहे, असेही मी मानत नाही. ज्या समाजात नक्षत्राच्या चरणावरून नावाचे अक्षर काढतात, आणि हस्त नक्षत्राचा ‘ण’ किंवा आर्द्रेचा ‘ङ’ आला की पत्रिकेतले नाव पत्रिकेतच ठेवून पाळण्यात सोयीचे नाव ठेवतात, त्या समाजाला नाव आणि नशीब यांची सांगड नवी नाही. फक्त जुन्या पद्धतीत पत्रिकेतले नाव मुलाला शाळेत बाळगावे लागत नसे. अंकशास्त्राचे स्पेलिंग मात्र थेट दाखल्यावर चढते. वडिलांनी माझ्यासमोर या प्रकाराची थट्टा सुरू केली, तेव्हा मी त्यांना थांबवले. नंतर आईनेच सरळ विचारले, “मॅडम, हे खरं असतं का हो?” विचारले म्हणून सांगितले. त्यांना वापरून दाखवलेला तक्ता खाल्डियन पद्धतीचा होता, त्यात अक्षरांना एक ते आठ अंक देतात. पायथागोरसच्या नावाने चालणारा दुसरा तक्ता एक ते नऊचा आहे, आणि त्यात ‘आय’ व ‘आर’ दोन्हींना नऊ मिळतात. त्या तक्त्याने ‘डबल ई’च्या मीराची बेरीज 24, म्हणजे सहा येते, शुक्राचा अंक, हौशी लोकांना आवडणारा, आणि बदललेल्या स्पेलिंगची 29, म्हणजे 11, म्हणजे दोन. एकाच मुलीचे एकच नाव एका तक्त्यात टाळण्याजोगे ठरते आणि दुसऱ्यात उत्तम. त्यांनी स्वतः कागदावर दोन्ही बेरजा करून पाहिल्या. मग त्या विषयावर पुन्हा बोलल्या नाहीत. बोलल्या त्या पेटीतल्या दिवसांविषयी, बाळाला छातीशी धरून तासन् तास बसण्याविषयी, वजन दहा-दहा ग्रॅमने वाढण्याची वाट पाहण्याविषयी. ही हकिगत मीराला कोणीही कधी सांगितलेली नव्हती. घाबरेल, म्हणून.

तीच सांगायला मी त्यांना सुचवले. एका रविवारी आईने तिला तिचे लहानपणीचे फोटो दाखवून सांगितले की तू लवकर आलीस, आम्ही दोघे फार घाबरलो होतो, आणि त्या भीतीपोटी मी तुझ्या नावाची अक्षरे बदलली; तुझ्यात काही चूक नव्हती. मुले अशा प्रसंगी आपल्या अपेक्षेप्रमाणे वागतीलच असे नाही. मीराने फोटोतल्या नळ्या कशाच्या आहेत ते नीट विचारून घेतले आणि शेवटी एवढेच म्हणाली, “मग नीलच्या वेळी कमी घाबरलात वाटतं.” आई हसली आणि ‘हो’ म्हणाली, हे मला विशेष चांगले वाटले, कारण ते खरे होते.

शाळेतला भाग त्या मानाने सोपा होता. वर्गशिक्षिकांनी हजेरीच्या कॅटलॉगमध्ये तिच्या नावापुढे देवनागरीत ‘मीरा’ लिहून ठेवले, म्हणजे बदली शिक्षिकांचीही चूक होणार नाही. मीराबरोबर मी एक वाक्य घोटून घेतले : “मॅडम, माझं नाव मीरा, म ला दुसरी वेलांटी.” राग नाही, माफी नाही, लांबण नाही. चिडवणाऱ्याला हसून ‘मीरा’ म्हणायचे आणि खेळ पुढे चालू ठेवायचा, हेही आम्ही नाटकासारखे करून पाहिले. ‘मेरा’ अजून पूर्ण बंद झालेले नाही, पण वह्यांवर नाव परत आले.

राहिली कागदपत्रे. इथे पालकांना सर्वांत मोठा गैरसमज असतो की स्पेलिंग बदलणे म्हणजे एक अर्ज. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या कलम 15 मध्ये जन्मनोंदीतील चूक दुरुस्त करण्याची तरतूद आहे, परंतु विचार करून स्वतः लिहून दिलेले स्पेलिंग ही लेखनिकाची चूक आहे असे म्हणणे अवघड जाते. राजपत्रात नावबदल प्रसिद्ध केला, तरी त्यानंतर शाळेची नोंद, आधार आणि बाकीचे सगळे एकेक करून बदलावे लागते. आधारवर नावातील बदल आयुष्यात दोनदाच करता येतो. या कुटुंबाचा जन्मदाखला आणि शाळेची नोंद एकसारखी होती आणि पासपोर्ट काढलेला नव्हता, त्यामुळे वेगळे पडलेले एकटे आधार दाखल्याप्रमाणे करून घेणे हा कमी त्रासाचा मार्ग होता, आणि तोच त्यांनी घेतला. म्हणजे कागदावर ‘आय-ई’ आणि ‘डबल ए’ राहिले. वडिलांना हे पूर्ण रुचलेले नाही. मीराचे मत विचारले होते, निर्णय मात्र तिच्यावर टाकला नाही. नऊ वर्षांच्या मुलीकडे आई आणि बाबा यांच्यात निवड करण्याचे काम देऊ नये.

आईने एकदा विचारले होते की असा वेडेपणा आम्हीच केला का. तसे नाही. अमेरिकेत ‘हेवन’ म्हणजे स्वर्ग हा शब्द उलटा लिहून केलेले ‘नेवाया’ हे मुलींचे नाव 2001 साली तिथल्या पहिल्या हजार नावांत आले आणि पुढे लोकप्रिय झाले. त्याचीही वेगवेगळी स्पेलिंगे निघाली. पालकांना आपले मूल गर्दीत वेगळे दिसावे असे वाटते, यात गैर काही नाही. ज्यांच्या बाळाचे नाव अजून नोंदवायचे आहे त्यांना मी एकच सांगते : ठरवलेले रोमन स्पेलिंग कागदावर लिहून, उच्चार न सांगता, ओळख नसलेल्या दोन-तीन जणांना वाचायला द्या, आणि त्यांतला एक जण मराठी नसलेला असू द्या. दाखल्यावर जाण्यापूर्वीची ही पाच मिनिटे पुढचे बरेच काही वाचवतात. 1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्या मुलांसाठी तर शाळाप्रवेशापासून आधारपर्यंत जन्मदाखलाच मूळ पुरावा ठरला आहे, तेव्हा तिथले स्पेलिंग हौसेचा भाग राहिलेला नाही.

नाव खरोखर बदलावे, असे मी फार थोड्यांना सुचवते : जिथे स्पेलिंगमधून दुसऱ्या भाषेत अभद्र शब्द तयार होतो, किंवा घरातला ताण निवळल्यावरही मूल वर्षभर तीच मागणी शांतपणे करत राहते. तसे करायचेच असेल, तर दहावीचा बोर्डाचा अर्ज भरण्याआधी करावे, कारण बोर्डाचे प्रमाणपत्र शाळेच्या नोंदीवरून निघते आणि नंतरची दुरुस्ती जास्त कटकटीची असते. मीराच्या वडिलांना मी आठवीपर्यंत थांबायला सांगितले आहे. तेव्हा मुलीने स्वतःहून विषय काढला तर राजपत्राचा अर्ज भरावा, आणि काढला नाही तर त्यांनीही काढू नये.