ऱ्यू मुराकामी यांना कादंबरीकार म्हणावे की चित्रपट दिग्दर्शक?

आपण विचारले आहे की, जपानी लेखक ऱ्यू मुराकामी मुळात कादंबरीकार आहेत की दिग्दर्शक, आणि नव्या वाचकाने त्यांच्याकडे कोठून वळावे. माझ्या मते ते आधी आणि शेवटीही कादंबरीकारच आहेत. परंतु त्यांचे चित्रपट हौसेखातर केलेले उद्योग म्हणून बाजूला सारणे योग्य नाही, कारण त्यांच्या लेखनाचा मूळ विषय त्यांतही सापडतो. (हारुकी मुराकामी हे वेगळे लेखक, दोघांत केवळ आडनाव समान आहे.)

हा विषय म्हणजे अमेरिकी लष्करी तळाच्या सावलीत वाढलेले जपानी तारुण्य. ऱ्यू यांचा जन्म १९५२ साली नागासाकी प्रांतातील सासेबो येथे झाला, जेथे अमेरिकी नौदलाचा तळ आहे. १९६८ मध्ये ‘एंटरप्राइज’ ही अणुशक्तीवर चालणारी विमानवाहू नौका तेथे आली, तेव्हा मोठी निदर्शने झाली. पुढच्या वर्षी ऱ्यू आणि त्यांच्या सोबत्यांनी शाळेच्या गच्चीवर अडथळे उभारून ती ताब्यात घेतली आणि त्याची शिक्षाही भोगली. हाच अनुभव त्यांनी १९८७ च्या ‘सिक्स्टी नाइन’ या कादंबरीत विलक्षण मायेने सांगितला आहे.

पुढे ते तोक्योजवळच्या फुस्सा येथे राहिले, आणि तेथेही शेजारी योकोता हा अमेरिकी हवाई तळ होताच. कलाशिक्षण घेत असताना लिहिलेली ‘ऑलमोस्ट ट्रान्सपरंट ब्लू’ ही पहिली कादंबरी १९७६ साली प्रसिद्ध झाली, तिला आकुतागावा हा जपानमधील प्रतिष्ठेचा साहित्यपुरस्कार मिळाला आणि तिच्या दहा लाखांहून अधिक प्रती खपल्या. अमली पदार्थ आणि देहभोग यांनी भरलेल्या या कादंबरीत निवेदक कोणालाही दोष देत नाही, तो केवळ पाहत राहतो. मला ती अनुवादातून वाचतानाही हे पाहणे कॅमेऱ्यासारखे वाटले होते. तीन वर्षांनी त्यांनी स्वतःच तिच्यावर चित्रपट दिग्दर्शित केला, यात म्हणूनच मला नवल वाटत नाही.

त्यानंतर त्यांनी १९८३, १९८९, १९९२ आणि १९९६ मध्ये चित्रपट केले. त्यांपैकी १९९२ चा ‘टोकियो डेकडन्स’ सर्वाधिक गाजला. तो त्यांच्याच कथांवर आधारलेला असून संगीत ऱ्यूइची साकामोतो यांचे आहे. मात्र त्यांच्या कादंबरीवरचा जगभर सर्वांत जास्त पाहिला गेलेला चित्रपट त्यांनी स्वतः केलेला नाही. १९९७ च्या ‘ऑडिशन’ या कादंबरीतला विधुर नायक दुसरी पत्नी शोधण्यासाठी चित्रपटाच्या निवडचाचणीचे सोंग रचतो, १९९९ मध्ये दिग्दर्शक ताकाशी मिइके यांनी ही कथा पडद्यावर आणताना सुरुवातीचा बराच भाग इतका संथ ठेवला की पुढची क्रूरता असह्य होते. लेखकाचा हा संयम त्यांना नेमका उमगला होता, असे मला वाटते.

तरीही मला सर्वांत जवळचा वाटतो तो १९९६ चा ‘क्योको’. तळाजवळ वाढलेल्या एका मुलीला लहानपणी एका क्यूबन वंशाच्या अमेरिकी सैनिकाने नृत्य शिकवलेले असते. मोठी झाल्यावर ती त्याला शोधत न्यूयॉर्कला जाते, तेव्हा तो एड्सने आजारी असतो, आणि ती त्याला मायामीतील त्याच्या घरच्यांकडे घेऊन निघते. पहिल्या कादंबरीतल्यासारखाच अमेरिकी तळ येथे आहे, पण या वेळी त्याच्याविषयी कृतज्ञता आहे. म्हणून आपण आधी ‘सिक्स्टी नाइन’ वाचावी, मग ‘ऑलमोस्ट ट्रान्सपरंट ब्लू’, आणि त्यानंतरच ‘क्योको’ पाहावा.