जहाज सकाळी लागतं, संध्याकाळी सुटतं: चिंक्वे तेर्रेच्या पायवाटेबद्दल तुमचे प्रश्न

गेल्या अंकात मी इटलीच्या किनाऱ्यावरच्या चिंक्वे तेर्रे या पाच गावांबद्दल लिहिलं होतं. भूमध्य समुद्रातल्या क्रूझवर जाणारे आपले बरेच लोक ला स्पेत्सिया बंदरात एक दिवस उतरतात आणि तिथून गाइडबरोबर समुद्राच्या कडेने चालायची टूर घेतात, त्याबद्दल. पत्रं आणि मेल खूप आले, त्यातले सारखे प्रश्न एकत्र करून उत्तरं देते.

आमचं जहाज सकाळी ८ ला लागतं, संध्याकाळी ६ ला सुटतं. एजंट म्हणतो पाचही गावं होतील. होतील का? (एक वाचक, डोंबिवली)

होतील, म्हणजे पाच स्टेशनांवर उतरून पाच फोटो होतील. मी असं एकदा केलंय, एका एजंटने आमच्या ग्रुपला ‘पाच गावं पाच तासांत’ म्हणून टूर विकली होती आणि अख्खा दिवस प्लॅटफॉर्मवर मुंडकी मोजण्यात गेला, ट्रेन बहुतेक बोगद्यांतूनच जाते त्यामुळे समुद्रसुद्धा नीट दिसला नाही, आणि परत आल्यावर कुठलं चर्च कुठल्या गावातलं हे कोणालाच सांगता येईना. त्यामुळे माझं मनापासून सांगणं आहे की एकच टप्पा चाला. पूर्ण चाला.

आता वेळेचा हिशोब. जहाज ८ ला लागलं तरी खाली उतरायला साडेआठ होतात, बंदराच्या आत पायी फिरू देत नाहीत, शटल बस गेटपर्यंत सोडते, तिथून स्टेशन पायी वीस-पंचवीस मिनिटं. म्हणजे साधारण १० ची ट्रेन. गावांचा क्रम ला स्पेत्सियाकडून रिओमाज्जोरे, मानारोला, कोर्निल्या, वेर्नात्सा आणि शेवटी मोंतेरोस्सो. शेवटपर्यंत जायचं, मोंतेरोस्सोला उतरायचं आणि तिथून वेर्नात्सापर्यंत चालत यायचं. साडेतीन किलोमीटर आहे पण दोन तास धरा, कारण सुरुवातीलाच लिंबांच्या बागांमधून पायऱ्याच पायऱ्या चढायच्या असतात, काही ठिकाणी वाट इतकी अरुंद की समोरून कोणी आलं तर एकाने भिंतीला टेकून उभं राहायचं. पण शेवटच्या वळणावर वेर्नात्सा खाली दिसतं ना, छोटंसं बंदर, बुरूज, एकमेकांना चिकटलेली रंगीत घरं, तिथे सगळा थकवा निघून जातो. एकपर्यंत गावात, तासभर जेवण, अडीच-तीनची ट्रेन, चारच्या आत बंदरावर. त्यानंतर जहाजावर चढायच्या वेळेपर्यंतचा मोकळा तास-दीड तास खर्च करायचा नाही हं, तो लेट ट्रेनसाठी ठेवलेला आहे.

जहाजाची टूर घ्यावी की स्वतःचं स्वतः जावं? जहाजाची खूपच महाग वाटते. (एक वाचक, नाशिक)

महाग असते हे खरं. त्या पैशात काय मिळतं तर सकाळी जहाजाच्या थिएटरमध्ये जमायचं, छातीवर नंबराचा स्टिकर लावायचा, कानात लावायचा रिसीव्हर मिळतो म्हणजे गाइड वीस माणसं पुढे असला तरी ऐकू येतो, आणि सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे जहाजाच्या स्वतःच्या टूरला उशीर झाला तर जहाज थांबतं. तुम्ही तुमचे गेलात आणि उशीर झाला तर थांबत नाही. पुढच्या बंदरावर स्वतःच्या खर्चाने गाठावं लागतं. काही जहाजांवर पासपोर्टही रिसेप्शनला जमा असतो, तेव्हा कसंही गेलात तरी पासपोर्ट आणि व्हिसाची फोटोकॉपी खिशात असू द्या. आणि सुटायची वेळ ६ असली तरी वर यायची वेळ त्याच्या अर्धा तास ते तासभर आधीची असते, ती गँगवेपाशी म्हणजे जहाजातून उतरायच्या शिडीपाशी बोर्डावर लिहिलेली असते, उतरताना तिचा फोटो काढून ठेवा.

माझं मत विचाराल तर परदेशातली पहिलीच वेळ असेल किंवा ग्रुपमध्ये सहाच्या वर माणसं असतील तर जहाजाची टूर घ्या. दोघंतिघं असाल, ट्रेनची सवय असेल तर स्वतः जा. स्टेशनवरच ट्रेकिंग आणि ट्रेन एकत्र असलेलं चिंक्वे तेर्रे कार्ड मिळतं, मुख्य पायवाटेला तिकीट लागतं आणि ते यात येतं. कागदी कार्ड असेल तर ट्रेनमध्ये चढायच्या आधी प्लॅटफॉर्मवरच्या मशीनमध्ये शिक्का मारून घ्या, न मारता चढलं की तिकीट असूनही दंड होतो. आपल्या बऱ्याच लोकांना होतो.

तिसरा पर्याय म्हणजे तिथलाच लोकल गाइड आधी बुक करून ठेवायचा. त्या डोंगरात वाढलेला माणूस बरोबर असला की चालण्याची गोडीच वेगळी, मला तर सगळ्यात जास्त हेच आवडतं.

सासूबाई ६८ वर्षांच्या आहेत, गुडघे दुखतात, पण त्यांना जहाजावर एकटं बसवायचं नाहीये. त्यांना काय जमेल? (एक वाचक, कोल्हापूर)

किती बरं वाटलं हे वाचून. त्यांना नक्की न्या, फक्त वर सांगितलेल्या वाटेवर नाही. ती म्हणजे आपल्या कोकणातली पाखाडी, दगडी पायऱ्यांची वाट, समजा, फरक इतकाच की पाखाडी पाच मिनिटांत संपते आणि ही तासभर संपत नाही, पायऱ्यांची उंचीही एकसारखी नाही, गुडघ्याला तेच सगळ्यात वाईट.

त्यांच्यासाठी रिओमाज्जोरे ते मानारोला, व्हिया देल्लामोरे म्हणजे ‘प्रेमाची वाट’. जेमतेम एक किलोमीटर, जवळजवळ सपाट, कड्याच्या पोटातून, खाली समुद्र. रेल्वेच्या बोगद्याचं काम चालू होतं तेव्हा सुरुंगाची दारू गावापासून लांब ठेवायची म्हणून ही वाट कोरायला घेतली आणि मग दोन्ही गावांतली तरुण मुलंमुली तिथे भेटायला लागली, नाव त्यावरून पडलं. सप्टेंबर २०१२ मध्ये तिच्यावर दरड कोसळली, चार ऑस्ट्रेलियन पर्यटक जखमी झाले आणि ती जवळजवळ बारा वर्षं बंद होती. २०२४ च्या उन्हाळ्यात उघडली. तिला वेगळं तिकीट आणि ठरलेली वेळ असते, ती आधी ऑनलाइन बुक करा, आयत्या वेळी मिळेल या भरवशावर सासूबाईंना तिथपर्यंत चालवू नका. नंतर मानारोलाच्या बंदरापाशी बसायला छान जागा आहे, त्यांना तिथे आईस्क्रीम घेऊन बसवा आणि तुम्ही समोरच्या टेकाडावर जाऊन या, गावाचा तो प्रसिद्ध फोटो तिथूनच येतो.

कोर्निल्याला मात्र त्यांना नेऊ नका. ते एकच गाव समुद्रापासून वर कड्यावर बसलंय, स्टेशन खाली आणि गाव वर, मधे ३८० च्या आसपास पायऱ्या. मिनीबस असते पण गर्दीत मिळेलच असं नाही. बोटीसुद्धा बाकी चार गावांना लागतात, याला नाही.

आम्ही पूर्ण शाकाहारी, कांदालसूणही नाही. बरोबर ठेपले न्यावेत का? (एक वाचक, जळगाव)

न्या, पण तिथलं काहीतरी खा हो. फारिनाता नावाचा प्रकार आहे, चण्याचं पीठ, पाणी, ऑलिव्ह तेल, मीठ, बास. मोठ्या तांब्याच्या परातीत पातळ ओतून लाकडाच्या भट्टीत भाजतात, वरून खरपूस आणि आतून मऊ, कागदात तुकडे करून देतात. पहिला घास घेतल्यावर माझ्या तोंडून निघालं, अगं हा तर आपला पोळा! हळद-मिरची नाही एवढंच, वरून मिरपूड घालून घ्या. काही ठिकाणी त्यावर कांदा घालतात तेव्हा बघून घ्या.

पेस्तो ही चटणी याच प्रांतातली, तुळशीच्या भावकीतली बेझिल, चिलगोज्यासारखे दाणे, तेल आणि चीज. लसूण असतो, ‘सेन्त्सा आल्यो’ म्हणजे लसणाशिवाय, पण तयार पेस्तोतून तो काढता येत नाही. चीजचं जास्त लक्षात ठेवा, पार्मेसान विरजायला वासराच्या पोटातला पदार्थ वापरतात, कडक शाकाहारी असाल तर नको. फोकाच्चा ब्रेड बहुतेक ऑलिव्ह तेलाचा असतो, पण क्वचित चरबी घालतात, ‘स्ट्रुत्तो?’ एवढा एक शब्द विचारला तरी पुरे.

(मासे खाणाऱ्यांसाठी: मोंतेरोस्सोच्या आच्चुगे चुकवू नका, आपल्या मांदेलीच्या कुळातलाच मासा, मिठात मुरवलेला, वर लिंबू.)

गाइडने आम्हाला अर्धा तास नुसत्या दगडी भिंती दाखवल्या, समुद्र सोडून. एवढं काय आहे त्यात? (एक वाचक, देवगड)

देवगडहून हा प्रश्न आला म्हणून मला जास्तच लिहावंसं वाटतंय. तुमच्याकडे आंब्याच्या बागेला गडगा असतो ना, मातीचुन्याशिवाय दगडावर दगड रचलेला, तेच आहे ते. फक्त तिथे बागेभोवती नाही तर अख्खा डोंगर गडग्यांनी बांधून काढलाय, समुद्रापासून वरपर्यंत, साधारण हजार वर्षं पिढ्यान्‌पिढ्या. गडगा रचायचा, मागे माती भरायची, आपल्या कुणग्याएवढी, भाताच्या छोट्या तुकड्याएवढी, पट्टी तयार होते, तिच्यावर द्राक्षं आणि ऑलिव्ह, मग वर दुसरा गडगा. १९९७ मध्ये युनेस्कोने या भागाला जागतिक वारसा म्हटलं ते रंगीत घरांइतकंच या माणसांनी घडवलेल्या डोंगरासाठी. २०१८ मध्ये तर मातीचुन्याशिवाय भिंत रचण्याची कलाच युनेस्कोने इटली आणि इतर सात देशांच्या नावावर वारसा म्हणून नोंदवली.

वेर्नात्साच्या वर मी एका म्हाताऱ्या माणसाला ढासळलेली भिंत परत लावताना बघितलंय, आमचा गाइड थांबला म्हणून आम्ही थांबलो. तो दगड उचलायचा, हातात फिरवायचा, ठेवायचा, हलतोय का बघायचा, परत उचलायचा. बसला की मागे मूठभर कपच्या ठोकायचा म्हणजे पाणी कपच्यांमधून निघून जातं आणि भिंतीला फुगवटा येत नाही. दहा मिनिटांत चार दगड लागले. आमच्यातला एक जण रत्नागिरीचा, तो न राहवून पुढे झाला आणि एक दगड फिरवून खुणेने दाखवला, असा बसेल. म्हाताऱ्याने ठेवून बघितला आणि बसला! दोघांना एकमेकांचा एक शब्द कळत नव्हता. माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं.

आता यात एवढं काय ते सांगते. तरुण मुलं शहरात गेली, पट्ट्या पडीक पडल्या, भिंतीतला एक दगड निसटला की पाणी तिथूनच घुसतं आणि मागची सगळी माती खाली येते. २५ ऑक्टोबर २०११ ला काही तासांत प्रचंड पाऊस पडला तेव्हा वेर्नात्सा आणि मोंतेरोस्सोच्या रस्त्यांवर पहिल्या मजल्यापर्यंत चिखल आणि दगड भरले होते, माणसं गेली. पाऊस भयंकर होता हे खरंच, पण पडीक डोंगराने माती धरली नाही हेही तितकंच खरं. कोर्निल्या-मानारोला हा किनाऱ्याचा टप्पा तर दरडींमुळे कितीतरी वर्षं बंद, गाइड त्याऐवजी वरून वोलास्त्रा गावाकडून नेतात. तुमचा गाइड भिंतीपाशी थांबला कारण ती भिंत आहे म्हणून वाट आहे. आणि तुमच्या बागेतला गडगा पडला की कृपा करून लगेच सिमेंटचं कंपाऊंड घालू नका, रचणारी माणसं अजून आहेत तोवर त्यांच्याकडून रचून घ्या.

बूट कुठले? सँडल चालतील का? (अनेक वाचक)

नाही. चपला आणि उघड्या सँडलवर पायवाटेवर बंदीच आहे, २०१९ मध्ये दंड जाहीर झाला तो ५० युरोपासून २५०० पर्यंत. तळाला चांगली नक्षी असलेले बूट घाला, नवे कोरे नकोत. पाणी एक लिटर तरी, गावात नळावर भरून घेता येतं, मधे वाटेवर काही नाही, टॉयलेटही नाही, ते गावातच उरकून निघा.

ऑक्टोबरची क्रूझ स्वस्त मिळतेय, घेऊ का? (एक वाचक, पुणे)

उन्हाचा त्रास नाही, गर्दी कमी, द्राक्षं काढून सुकत टाकलेली असतात, त्यांची शाक्केत्रा नावाची गोड वाइन करतात. पण पावसाचा धोका त्याच महिन्यांत. हवामानाचा ऑरेंज किंवा रेड इशारा आला की पायवाटा बंद होतात आणि गाइडशी वाद घालून उपयोग नसतो, घालूही नका, वरची २०११ ची गोष्ट त्या गाइडने कदाचित स्वतः बघितलेली असते. एप्रिल-मे जमत असेल तर तेव्हा जा. जुलै-ऑगस्टमध्ये मी कोणालाच पाठवत नाही.

ट्रेकिंगची काठी न्यावी का? (एक वाचक, सातारा)

उतारावर फार उपयोगी पडते, न्या. विमानात चेक-इन बॅगेत टाका. आणि टोकाला रबरी बूच लावायला विसरू नका, उघडं लोखंडी टोक दगडांच्या सांध्यात घुसतं आणि आतली माती मोकळी होते.