अण्णांचं पंपिंग 30 टक्के आलंय, आता काय?

प्रश्न: डॉक्टरसाहेब, आम्ही जिंतूर तालुक्यातले. अण्णांचं वय 64, बीपी-शुगर जुनं, तीन वर्षांखाली अटॅक येऊन गेला. महिना झाला दम लागायलाय, आडवं झालं की जास्तच, रात्र रात्र बाजेवर बसून काढतेत, पायाला सूज. परभणीला टुडी इको केला तर हार्ट फेल्युअर, पंपिंग 30 टक्के म्हणले. घरात रडारड सुरूय. गुडघ्यासाठी ते मेडिकलवरून गोळी आणून खातेत, तिचा काही संबंध? आणि लघवीची गोळी गावाला जाताना बंद ठेवली तर चालतं का?

उत्तर: भाऊ, आधी घरच्यांना धीर द्या, अण्णांचं हार्ट बंद पडलेलं नाही, ते कमजोर झालंय. 30 टक्के म्हणजे 70 टक्के हार्ट मेलं असंही नाही, चांगलं हार्टसुद्धा एका ठोक्याला आतलं साधारण 55 ते 70 टक्केच रक्त बाहेर फेकतं, 100 कोणाचंच नसतं.

अटॅकमध्ये जेवढा स्नायू गेला तो परत येत नाही, उरलेल्यावर बीपी-शुगरचा ताण वर्षानुवर्षं पडत राहिला, अण्णांच्या बाबतीत मला हेच कारण दिसतं. बाकी कोणाला दारूनं होतं, कोणाला लहानपणी सांधे सुजून ताप आल्यावर खराब झालेल्या झडपेनं, एखाद्या बाईला बाळंतपणाच्या आसपासही होतं. रक्त पुढं नीट जात नाही म्हणून मागं तुंबतं, फुप्फुसात पाणी उतरतं, आणि किडनीला रक्त कमी पोचलं की तिला वाटतं अंगात पाणीच कमी आहे, मग ती मीठ-पाणी धरून ठेवते. आडवं झालं की पायातलं पाणी वर येतं, दम त्यामुळंच वाढतो. नडगीवर अंगठा दाबून धरा, खड्डा पडून राहिला तर ती पाण्याची सूज.

आता तुमच्या गुडघ्याच्या गोळीचं. डायक्लोफेनॅक, आयब्युप्रोफेन असल्या गोळ्या किडनीला मीठ-पाणी बाहेर टाकू देत नाहीत, आणि अशा पेशंटमध्ये याच गोळ्यांनी ॲडमिट व्हायची वेळ येते. ती आजच बंद करा आणि पाकीट डॉक्टरला दाखवा, दुखण्यावर ते दुसरं काहीतरी देतील. लघवीची गोळी मनानं अजिबात बंद ठेवू नका, गावाला जायचं असेल तर कधी घ्यायची ते डॉक्टरला विचारून वेळ मागं-पुढं करून घ्या. उन्हाळ्यात जुलाब-उलट्या झाल्या, चक्कर आली तरी लगेच विचारा, तेव्हा डोस बदलावा लागू शकतो.

मिठाचं म्हणाल तर भाजीतलं कमी केलं आणि ताटात ठेचा, लोणचं, पापड, शेव तसंच राहिलं तर काही उपयोग नाही. सैंधवही मीठच आहे. लो सोडियम मीठ तर विचारल्याशिवाय आणूच नका, त्यात पोटॅशियम असतं, हार्टच्या काही गोळ्यांसोबत ते धोक्याचं ठरतं.

एक वजनकाटा घ्या. रोज सकाळी लघवी करून, चहाच्या आधी वजन करून वहीत लिहा. दोन-तीन दिवसांत दोन किलो वाढलं तर सूज दिसायची वाट बघू नका, फोन करा. बसल्या जागी धाप लागली, गुलाबी फेस आला किंवा शुद्ध हरपायला लागली तर सरळ 108.

आणि तुमचं स्वतःचं बीपी-शुगर कधी तपासलंय? नसेल तर अण्णांना दाखवायला न्याल त्याच दिवशी करून घ्या.